पदरातली सुपारी

मुलाखत घेणारे हटकून एक प्रश्न विचारतात: तुम्हाला विनोद सुचतो कसा? मी काहीतरी गुळमुळीत उत्तर देते. निरीक्षण, वाचन, आयुष्यातली विसंगती वगैरे. खरं सांगितलं तर पुन्हा बोलावणार नाहीत. खरं असं आहे की विनोद मला सुचत नाही. तो माझ्या आईला सुचतो, आणि मी तो मुंबईला नेऊन विकत आले.

आई मासे विकायची. आम्ही ढिवर. मोहाडीजवळच्या एका गावात आमचं घर, घराच्या पाठीमागे तलाव. बाबा पहाटे जाळं टाकायचे आणि आई टोपली घेऊन मोहाडीच्या आठवडी बाजारात बसायची. तिथे तिच्या जिभेला धार आली. एखादं गिऱ्हाईक मरळ उलटीपालटी करून वास घेई आणि विचारी, "ताजी हाय का वो?" आई म्हणे, "मेली हाय बापा. जिती असती तं तुह्या हाती लागली असती का?" बाजूच्या मासेवाल्या हसायच्या, गिऱ्हाईकही हसायचं आणि मासा घेऊन जायचं. चिडलेलं गिऱ्हाईक मी तिच्यासमोर फार क्वचित पाहिलं. शाळा बुडवून मी तिच्या बाजूला बसायची ती मासे मोजायला नव्हे, हे ऐकायला.

पण बाजार म्हणजे नुसता रियाज. तिचं खरं नाव व्हायचं ते लग्नात. आमच्याकडे वरात दारात आली की नवरीकडच्या बायका वऱ्हाडाला चिडवतात. गाण्यात चिडवतात, गाणं संपलं की बोलून चिडवतात. आसपासच्या गावांत कुणाकडे लग्न निघालं की आधी मांडवाचं ठरे, मग भांड्यांचं, मग माझ्या आईचं. ती नात्यातली आहे की नाही, हे कुणी पाहत नसे. नवरदेवाचे काका केस रंगवून आले तर आई म्हणायची, "पाहुणे कालवरी पिकले होते. आमच्या तलावात डुबकी मारून काळे होऊन निंघाले. आता पानी काळं झालं, मासोरी दिसत नाई. भरपाई कोण देईन?" एकदा नवरदेव कुठल्याशा कचेरीत बाबू होता. आई हात जोडून उभी राहिली आणि म्हणाली, "पाय धुवाले पानी घेऊन गेली बाप्पा, तं म्हनते, साहेब नाई, उद्या या."

या चिडवण्याला शिस्त होती. मान ज्याचा, त्याचीच खोडी. नवरदेव, त्याचा बाप, त्याचा मामा, यांची हवी तेवढी. वाजंत्रीवाल्यांची नाही, वरातीत मागे चालणाऱ्या गरीब चुलत्याची नाही, लंगडणाऱ्या माणसाच्या पायाची तर नाहीच. "त्याले कायले चिडवाचं? त्याले रोजच लोकं चिडवतेत," आई म्हणायची. "आज जो घोड्यावर बसला, त्याले खाली उतरवाचं." ताट वाढलं की तोंड बंद. आणि सगळं झालं की ज्याला चिडवलं त्याने उठून चिडवणारीच्या पदरात एक सुपारी टाकायची. राग नाही, हे सगळ्यांसमोर कबूल करायचं. सुपारी न टाकणाऱ्या सोयऱ्याची चर्चा मग त्याच्या नातवाच्या लग्नापर्यंत पुरायची.

त्या सुपाऱ्या आई घरी आणून एका पत्र्याच्या डब्यात ठेवायची. ती स्वतः खात नसे. बाबा खायचे. दुपारी जाळं वाळत टाकलं की ते ओट्यावर अडकित्ता घेऊन बसायचे आणि विचारायचे, "हे कोनाची वो?" आई म्हणे, "बाबूची." मग काय बोललीस ते पुन्हा सांग, असा त्यांचा हट्ट. ते लग्नाला गेलेले असत, सगळं ऐकलेलं असे, तरी आईने पुन्हा सांगायचं आणि यांनी नव्याने हसायचं. हसताना सुपारी कातरायचे आणि एक तुकडा माझ्या हातावर ठेवायचे. माझं सगळं शिक्षण त्या ओट्यावर झालं.

नागपूरला कॉलेजात गेल्यावर मी एकांकिका लिहू लागले. लोक हसले. तिथून एका स्थानिक वाहिनीवर, तिथून मुंबईत. मुंबईत विनोद लिहिणं हे एका फ्लॅटमध्ये चालतं. पाच-सहा माणसं गाद्यांवर लोळत चहा पितात आणि कोणी काही बोललं की कोणीतरी न हसता म्हणतो, "फनी आहे." मी घाबरून गेले होते. आमच्याकडे फनी असेल तर माणूस हसतो, तसं सांगत नाही. त्या घोळक्यात मी एकटीच बाई होते आणि बोलताना मधूनच माझ्या तोंडून 'मले' निघायचं. 'मले' निघालं की मात्र सगळे हसायचे. त्यात मी विनोद केलेला नसायचा.

म्हणून मी आईला फोन करू लागले. आठवड्यातून एकदा तरी. काय चाललंय विचारायचं आणि ऐकत राहायचं. ती सरपंचाच्या नव्या गाडीबद्दल सांगे, ती गाडी आमच्या गल्लीत वळत कशी नाही आणि तो उलटा कसा जातो, त्यावरून गावाचा कारभार कसा उलटा चाललाय. मी फोन ठेवून ते लिहून काढायची, गावाच्या जागी सोसायटी करायची, सरपंचाच्या जागी सेक्रेटरी. चालून जायचं. "मस्त लिहितेस गं," असं म्हणणारे भेटू लागले. आईला मी सांगितलं होतं की तुझंच लिहिते. ती म्हणाली, "लिही ना. बोलल्यावर मी तं फेकूनच देते."

पहिलं मोठं भांडण बाबूवरून झालं. 'साहेब नाही, उद्या या' हे मी एका कार्यक्रमात घातलं. वाचनात सगळे हसले. चित्रीकरणाच्या दिवशी पाहते तर उलटं करून ठेवलेलं. बाबू झाला होता हुशार, सुटाबुटातला. आणि पाणी घेऊन येणारी बाई झाली होती विदर्भातली वेंधळी, नऊवारीचा बोंगा सांभाळत 'मले समजत नाई, मले समजत नाई' करणारी. मी दिग्दर्शकाला म्हटलं, अहो, ती खाली आहे, तो वर आहे. वरच्याला खाली आणलं तर हसू येतं, खालच्याला आणखी दाबलं तर काय येतं? तो म्हणाला, टीआरपी येतो. मी त्याला जे उत्तर दिलं ते इथे लिहिण्यासारखं नाही, पण अस्सल मोहाडीच्या बाजारातलं होतं. दुसऱ्या आठवड्यापासून मला कामावर बोलावणं आलं नाही.

तेव्हापासून मी स्वतंत्र लेखिका आहे. स्वतंत्र म्हणजे महिन्याला पगार नाही आणि रोज कुणाचं तोंड पाहणं नाही. कधी कुणाचा चित्रपट, कधी मालिकेतले चार भाग, कधी एखाद्या नटाला पुरस्काराच्या समारंभात बोलायला पाच मिनिटांचं हसू. भांडकुदळ म्हणून नाव झालं, आणि ते खोटं नाही. पण काम मिळत राहिलं, कारण आई बोलत राहिली.

मग बाबा गेले. आजारी होते, वय झालं होतं, आम्हाला कळत होतं. मी शेवटच्या दिवसांत गावी होते. तेरवी झाली, मी मुंबईला परतले, आठवड्याने फोन केला. आई म्हणाली, "जेवली का?" मी म्हटलं, जेवले. "बरी हाय ना?" बरी आहे. "मंग ठेव." मला वाटलं दुःख आहे, ओसरेल. वर्ष गेलं, तरी फोन तसाच. जेवली का, बरी हाय ना, ठेव. सरपंचाने दुसरी गाडी घेतली हे मला गावातल्या एका मुलीने सांगितलं. आईने नाही.

माझं काम अडलं का? अडलं. पण तेवढ्यासाठी मला वाईट वाटलं असं कुणी समजू नये. इतकी वर्षं लिहून मलाही थोडं जमू लागलं होतं. मला भीती दुसरीच होती. आईची जीभ म्हणजेच आई, असं मी धरून चालले होते. ती गप्प झाली म्हणजे बाबांबरोबर तीही गेली आणि मागे एक जेवण विचारणारी बाई उरली, असं मला वाटू लागलं. मी तिच्यावर चिडायची. दुःखी माणसावर चिडणं बरं दिसत नाही, पण मी चिडायची.

मामेबहिणीचं लग्न अड्याळला होतं, त्याला आम्ही दोघी गेलो. वरात आली. नवरदेवाचे मामा गॉगल लावून, गळ्यात नोटांची माळ घालून नाचत होते. इतकं आयतं गिऱ्हाईक मी आयुष्यात पाहिलं नव्हतं. मी आईला शोधलं. ती मांडवाच्या मागे, चुलींपाशी, लसूण सोलत बसली होती. पुढे दोन-चार पोरींनी मोबाइलवर पाहून एक गाणं म्हटलं, ते डीजेत बुडून गेलं. मामा तसेच नाचत राहिले, कुणी त्यांना खाली उतरवलं नाही.

"आई, चल ना पुढे. तो मामा बघ."

"पाह्यला."

"मग?"

"मी आता मांडवात उभी राहीन का? शुभाच्या कामात माही जागा नाई ना बाई आता."

"कोण म्हणालं तसं?"

"कोनीच नाई म्हनलं," ती म्हणाली आणि लसणाची पाटी जवळ ओढली.

खरंच कुणी म्हटलं नव्हतं. माझ्या मामाने म्हटलं नव्हतं, मामीने म्हटलं नव्हतं. पण पुढे ये, असंही कुणी म्हटलं नव्हतं. भांडायला समोर माणूसच नाही, असं भांडण मला जमत नाही. मी तिच्या बाजूला बसून लसूण सोलला आणि मनात ठरवलं की हिला मांडवात उभी करायचीच. खरं लग्न नसेल तर खोट्या लग्नात.

लग्नावरचा एक चित्रपट माझ्या डोक्यात बरेच दिवस होता. नागपूरच्या दोन मित्रांनी तो करायचं मनावर घेतलं. छोटं काम. दिग्दर्शन तूच कर म्हणाले, कारण दुसरा कोणी त्या पैशात येत नव्हता. मी लग्नाचा प्रसंग आमच्याच गावात, आमच्याच घरासमोर ठेवला आणि वऱ्हाडाला चिडवणाऱ्या आत्याचं काम आईसाठी लिहिलं. तिला म्हटलं, नाटकातलं लग्न आहे, यात कसली आलीय जागा आणि कसलं शुभ?

आईने एका वाक्यात निकाल दिला. "लगन खोटं नसते वो."

शेवटी आत्याच्या कामाला नागपूरची एक चांगली नटी आणली. आई म्हणाली, मी सैपाक पाहते. युनिटला जेवण लागतंच. मी हो म्हटलं आणि घरात जाऊन रडले. सगळा घाट जिच्यासाठी घातला ती पुन्हा चुलीपाशीच गेली होती.

लग्न खोटं नसतं हे गावातल्या इतरांचंही मत आहे, ते मला चित्रीकरणाच्या आधल्या दिवशी कळलं. नवरीचं काम करणाऱ्या गावच्या पोरीची आजी येऊन बसली. हळद लावायची नाही. लावली म्हणजे लागली, मग ती पोरगी उष्टावली. आम्ही बेसन कालवलं. मंगलाष्टकं म्हणणाऱ्या गुरुजींनी सांगितलं की मी शेवटचं म्हणणार नाही, ते म्हटलं की लग्न लागतं. नवऱ्याचं काम करणारा नागपूरचा नट बिचारा सरळ पोरगा. त्याला चार घरच्या म्हाताऱ्यांनी बोलावून कूळ, शेती आणि आईबाप विचारून घेतले. कुणीतरी कुकर आहेरात आणून ठेवला. तो परत न्या म्हटलं तर ती बाई रुसून बसली.

वऱ्हाडी म्हणून गावातलीच माणसं घ्यायची असं मी धरलं होतं. कुणी तयार होईना. आपल्याच गावात आपण पाहुणे कसे होऊ? मुलीकडचे म्हणून पाहिजे तितके मिळत होते. शेवटी माझ्या मावसबहिणीचं सासर बपेऱ्याचं, तिने तिकडून दोन काळ्यापिवळ्या जिपा भरून माणसं पाठवली. मध्य प्रदेशच्या सीमेला लागून गाव, बोलण्यात हिंदी निम्मी.

जिपा सकाळीच आल्या आणि मांडवासमोर उभ्या राहिल्या. कोणी उतरेना. आमचा नागपूरचा व्यवस्थापक ओरडून थकला. उतरा, उशीर होतोय, ऊन बदलतंय. एक काकाजी काच खाली करून म्हणाले, "घ्यायले कोन आलं आमाले? वरात काय अशी उतरते?" त्यांना लग्नातले पाहुणे व्हा असं सांगितलं होतं, आणि ते घरून निघतानाच पाहुणे होऊन निघाले होते. व्यवस्थापकाने माझ्याकडे पाहिलं. एवढ्यात चुलीकडून आईने दोन बायकांच्या हाती पाण्याच्या बादल्या आणि तांब्या पाठवला. पाय धुतले गेले, गुळाचा खडा तोंडात पडला, तेव्हा कुठे वऱ्हाड जमिनीवर आलं. आई पुढे आली नाही.

दुपारी चिडवण्याचा प्रसंग लागला. नागपूरच्या नटीने माझी वाक्यं उत्तम म्हटली. स्पष्ट, वेळेवर, जिथे थांबायचं तिथे थांबून. पाठ केलेलं आहे हे कुणालाही कळत होतं. समोर वऱ्हाडी बायकांत एक बाई होत्या, आईच्याच वयाच्या, उंच, कपाळ मोकळं, आवाज मोठ्या पातेल्यासारखा. त्यांचं काम फक्त हसायचं होतं. त्या हसल्या नाहीत. त्यांनी नटीला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाल्या, "बाई, शाळेत शिकून आली का चिडवाले?"

सगळा मांडव हसला. नटी गोंधळून माझ्याकडे पाहू लागली. मी 'कट' म्हटलं. त्यांनी ऐकलंच नाही. त्यांच्या बाजूच्या बायकांनी टाळ्या धरल्या आणि हिंदी-मराठी मिसळीचं एक गाणं उचललं. नवरीच्या गावात वांगी किती आणि रस्सा किती, त्या रश्शात आमचा नवरदेव पोहायला कसा शिकला. कॅमेरा सांभाळणारी मुलगी शहाणी होती, तिने कॅमेरा बंद केला नाही. आमच्याकडच्या बायका खाली मान घालून उभ्या राहिल्या. मी लिहिलेल्या कागदावर याला उत्तर नव्हतं.

गाणं संपलं. त्या बाई दोन पावलं पुढे आल्या आणि मांडवाच्या मागे, चुलींकडे तोंड करून म्हणाल्या, "ह्या गावची एक जीभ आमच्याइकडं लय नावाजली होती. मोहाडीच्या बाजारात बसे म्हनतेत. कोन्या मांजरीनं नेली का वो मासोरीसंगं?"

कुणी हसलं नाही. गावातल्या सगळ्यांना माहीत होतं त्या कुणाबद्दल बोलताहेत, आणि ती जीभ का गप्प आहे तेही. मला वाटलं, आता आई उठून घरात जाईल आणि आयुष्यात पुन्हा माझ्याशी बोलणार नाही. हे सगळं मी घडवून आणलेलं होतं. मी पुढे होणार, तेवढ्यात चुलीकडून आवाज आला.

"पाहुन्याहो, राग नोका मानू."

मांडवामागे पळीचा आवाज थांबला होता.

"लगन घाईचं हाय. आमची पोरगी मुंबईची. चाळीस वर्साची झाली, नवरा भेटला नाई, म्हून नागपूरवरून भाड्यानं आनला. सांजवेरी वापस कराचा हाय. तवा त्याले जास्त मळवू नोका."

पहिलं कोण हसलं ते आठवत नाही. बहुतेक नवराच. मग सगळे. मी कॅमेऱ्याच्या बाजूला कान लाल होऊन उभी. माझं लग्न न होणं हा गावात दबक्या आवाजात बोलायचा विषय होता. तो आईने मांडवाच्या मधोमध आणून ठेवला.

आई थांबली नाही. "सकारपासून ओरडून राहिली, हासा, हासा. आमी हासलो तं म्हनते, आता नोका हासू, मी सांगन तवा हासा. हासाले बी हुकूम लागते का बाप्पा? तिकडं पंगतीत बसवलं. घास तोंडाजवळ नेला का म्हनते, थांबा, पुन्हा उचला. पुन्हा उचलला, म्हनते, अखीन एक खेप. वांगं लाजलं, घास थंडा झाला, हिचं मन काई भरत नाई. अशी विहीन कोनाले भेटू नये!"

आणि ती बाहेर आली होती. बोलता बोलता, हातात पळी घेऊन, मांडवाच्या खांबापर्यंत. तिच्या लक्षातही आलं नसावं. बपेऱ्याच्या बाई तोंडाला पदर लावून हसत होत्या. आमच्या गावातल्या म्हाताऱ्या बायकांचे डोळे भरले होते आणि त्या हसतही होत्या.

मला राग आला होता का? क्षणभर आला. मग माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. मान ज्याचा, त्याचीच खोडी. आज मांडवात मान नवऱ्याचा नव्हता, तो भाड्याचा होता. काकाजींचा नव्हता. सकाळपासून सगळ्या गावाला उठवत-बसवत होते ती मी. घोड्यावर मी बसले होते. मुंबईत इतकी वर्षं काम केलं, बक्षिसं घेतली, त्यातलं काही आईला दाखवलं की ती 'बरं हाय' म्हणायची. ती माझ्या कामाला काय समजते, हे मला त्या दिवशी कळलं.

आणि मग उरलेली रीतही आठवली. नवरीच्या पुढ्यात पूजेचं तबक होतं. त्यातली एक सुपारी मी उचलली आणि खांबापाशी गेले.

आईने हातातली सुपारी पाहिली आणि तिचा चेहराच उतरला. तिने पदर आवळून कमरेला खोचला. हळू आवाजात म्हणाली, "माह्या पदरात नोको टाकू. तिच्या टाक, त्या नागपूरवालीच्या."

"चिडवलं तू."

"मी चुलीपासून बोलली. ते धरत नाईत."

मी सुपारी धरलेला हात मागे घेतला नाही. बपेऱ्याच्या बाई माझ्या मागून आल्या. आता त्या चिडवत नव्हत्या.

"काहून वो? चिडवलं कोनं, तूनं ना? मंग पसर पदर."

"बाई, तुमाले माहीत नाई..."

"मले माहीत नाई?" त्यांनी स्वतःच्या मोकळ्या कपाळावर बोट ठेवलं. "धा वर्सं झाले मी मांडवाच्या मांगं बसते. आज खोटं लगन म्हून पह्यल्यांदा समोर आली. तूनं पदर नाई पसरला तं मी बी चुकली असं होईन. मंग मी कोनत्या तोंडानं घरी जाऊ? सांग."

आईने पळी खांबाला टेकवून ठेवली, कमरेचा पदर सोडला आणि दोन्ही हातांत धरून पसरला. मी सुपारी टाकली. बायकांनी हाळी दिली. आई पदरातल्या सुपारीकडे बघत होती.

"हे फोडन कोन आता?" ती म्हणाली.

बाबा गेल्यानंतर मी तिला पहिल्यांदा रडताना पाहिलं. बपेऱ्याच्या बाईंनी तिला धरलं. मी तिथेच मातीत बसले. थोड्या वेळाने आईनेच डोळे पुसले आणि वऱ्हाड उपाशी आहे, ताटं मांडा, म्हणून ओरडली. त्या पंगतीत कुणालाही घास पुन्हा उचलायला सांगितलं नाही. ऊन गेलं ते गेलं.

तो प्रसंग चित्रपटात जसाच्या तसा आहे, सुपारीच्या आधीपर्यंत. पुढचं मी काढून टाकलं. ते आमच्या घरचं आहे. आईच्या बोलण्याला लोक सगळ्यात जास्त हसतात आणि विचारतात, हे संवाद कसे सुचले. आता मी सांगते, आईचे आहेत. विनम्रता समजून ते टाळ्या वाजवतात.

परत निघण्याआधी मी ओट्यावर बाबांचा अडकित्ता घेऊन बसले. मला येत नाही. अर्धी सुपारी अंगणात उडाली, बोट कापलं. उरलेल्या अर्धीचे वेडेवाकडे तुकडे झाले, त्यातला एक आईने तोंडात टाकला. ती आधी कधी सुपारी खात नसे.

परवा मी मुंबईत एका मालिकेचा भाग लिहीत बसले होते. कुठेच सुचत नव्हतं. फोन वाजला. आईने स्वतःहून फोन करणं ही दुर्मीळ गोष्ट.

"अड्याळले लगन हाय," ती म्हणाली. "माही चुलत भाची. तुही मामी स्वतः येऊन सांगून गेली का तूच पाह्यजे. पोरगा मास्तर हाय. मास्तरवर काई सांग ना, तू लिहितेस तं."

मी पेन ठेवलं. डोकं खाजवून तीन सांगितले. एक हजेरीवर, एक छडीवर, एक सुट्टीवर. ती शांतपणे ऐकत होती. मला वाटलं, जमलं.

"हे तुह्या टीव्हीवर चालते," ती म्हणाली. "राहू दे, मीच पाहते काई. तू असं कर, लगनाच्या दुसऱ्या दिवशी येजो. मास्तरची सुपारी कडक असन."